निरंक आणि अज्ञात

सरकारी दप्तरात आयुष्य घालवणाऱ्या माणसाला काही शब्दांची इतकी सवय होऊन जाते की, त्यांचा अर्थ काय, हे तो स्वतःला विचारीनासा होतो. ‘निरंक’ हा असाच एक शब्द. वरून तक्ता येतो. त्यात पाच-सहा रकाने असतात. ज्या रकान्यात भरण्याजोगे काही नसेल तेथे महाराष्ट्रातल्या कचेरीत ‘निरंक’ लिहितात, आम्ही केंद्र सरकारचे लोक इंग्रजीतले ‘निल’ लिहितो, आणि तक्ता परत जातो. लिहिणाऱ्याचे काम तेथे संपते. वाचणाऱ्याच्या लेखी मात्र ‘निरंक’ ही एक निश्चित माहिती असते. ह्यांनी पाहिले, मोजले, आणि काही आढळले नाही, असा तिचा अर्थ तो घेतो. प्रत्यक्षात पुष्कळदा पाहणे असे झालेलेच नसते. ‘काही नाही’ आणि ‘ठाऊक नाही’ ह्या दोन विधानांत जमीन-अस्मानाचे अंतर आहे. परंतु तक्त्यात दोहोंचे काम एकाच शब्दावर भागवले जाते.

हे अंतर कोणाला केवळ कारकुनी वाटेल. मला ते नैतिक वाटते. आणि विकास व पर्यावरण ह्यांविषयी आज जगभर जे प्रगतीचे हिशेब मांडले जातात, त्यांची पारख करताना प्रथम ह्याच अंतरावर बोट ठेवावे लागेल, असे माझे मत आहे. ते मत कशावरून बनले, हे सांगण्यासाठीच हा लेखनप्रपंच.

पर्यावरणाचा प्रश्न राष्ट्राराष्ट्रांच्या बोलण्यात आला, त्याला आता अर्धशतक उलटून गेले. १९७२ साली स्टॉकहोम येथे संयुक्त राष्ट्रांची पहिली मोठी परिषद भरली. १९८७ साली नॉर्वेच्या पंतप्रधान ग्रो हार्लेम ब्रुंटलँड ह्यांच्या अध्यक्षतेखालील आयोगाने आपला अहवाल दिला, आणि ‘शाश्वत विकास’ हा शब्दप्रयोग सर्वतोमुखी झाला. १९९२ साली रिओ येथे तो राष्ट्रांच्या करारांत शिरला. २००० साली सहस्रक विकासाची आठ उद्दिष्टे ठरली आणि २०१५ साली त्यांच्या जागी १७ उद्दिष्टे, १६९ लक्ष्ये आणि त्यांची वाटचाल मोजणारे दोनशेंहून अधिक निर्देशक आले. इतका मोठा तक्ता माणसाने पूर्वी कधी आखला नसेल.

ह्या सर्व खटाटोपाच्या मुळाशी असलेली कल्पना मात्र आपल्या घरातल्या कोणत्याही वडीलधाऱ्या माणसाला समजावी इतकी साधी आहे. मुद्दलाला हात न लावता व्याजावर संसार चालवावा आणि वडिलांकडून जे मिळाले ते निदान तितकेच मुलांच्या हाती द्यावे, ही ती कल्पना. येथे एक अडचण उद्भवते. कोणताही हिशेब कोणाला तरी दाखवायचा असतो, आणि ज्याला तो दाखवायचा तो शंका विचारू शकतो, ह्या भयानेच हिशेब सरळ राहतो. शाश्वततेचा हिशेब ज्यांना दाखवायचा त्यांतले पुष्कळसे लोक अद्याप जन्मलेलेच नाहीत. आणि जे जन्मलेले आहेत, त्यांतल्या गरिबांना आपल्या नावाने असा एखादा तक्ता भरला जात आहे ह्याची वार्ताही नसते. कायद्याच्या मराठीत अल्पवयीन वारसाला ‘अज्ञान’ म्हणतात. अज्ञान वारसाची मिळकत सांभाळणाऱ्या पालकावर साध्या दिवाणजीपेक्षा अधिक कडक बंधने असतात, कारण त्याला जाब विचारणारे कोणी समोर उभे नसते. पर्यावरणाच्या प्रगतीचा हिशेब ठेवणारा प्रत्येक माणूस अशा अज्ञान वारसांचा पालक आहे. म्हणूनच त्याच्या तक्त्यातील चूक ही निव्वळ बेरजेची चूक म्हणून सोडून देता येत नाही.

हे तत्त्व हवेत राहू नये म्हणून प्रत्यक्ष घडलेले एक उदाहरण घेतो. नोकरीनिमित्त मी कोलकात्यास राहतो. हे उदाहरण ह्या शहराभोवतीच्या जिल्ह्यांत आणि सीमेपलीकडे बांगलादेशात घडले. त्यामुळे ते मला पुस्तकातल्या उदाहरणापेक्षा जवळचे वाटत आले आहे.

बंगाल हा पाण्याचा मुलूख. दुष्काळी तालुक्यातून येथे आलेल्या माणसाला प्रथम त्याचा हेवाच वाटतो. दारात पुकूर म्हणजे तळे, पलीकडे खाडी, त्यापलीकडे नदी. परंतु हेच पाणी पिढ्यानपिढ्या लोकांचा घात करीत आले होते. ज्या तळ्यात भांडी घासायची, गुरे धुवायची, त्यातलेच पाणी प्यायचे. त्यातून पटकी, हगवण, विषमज्वर. मुले तर किड्यामुंग्यांसारखी दगावत. १९७० नंतरच्या दशकात बांगलादेश सरकारने युनिसेफच्या साहाय्याने ह्यावर एक उपाय योजला. जमिनीच्या पोटातले पाणी जंतुरहित असते. ते कूपनलिकेने, म्हणजे आपल्याकडे खेड्यात ज्याला हापसा म्हणतात त्याने, वर आणावयाचे. बंगालच्या मऊ गाळात नळी उतरवणे सोपे आणि स्वस्त होते. उपाय लोकांना इतका पटला की, पुढे बहुसंख्य हापसे लोकांनी स्वतःच्या पदरच्या पैशाने बसवले. मुलीच्या लग्नात अंगणातला हापसा हे घराच्या प्रतिष्ठेचे लक्षण ठरू लागले. इसवी सन २००० पर्यंत ८० टक्के लोकांना ‘सुरक्षित’ पाणी मिळावे असे लक्ष्य होते. ते मुदतीपूर्वीच ओलांडले गेल्याचे युनिसेफच्या १९९७ च्या बांगलादेशविषयक अहवालात नोंदवले गेले. विकासकार्याच्या इतिहासात इतके निर्भेळ यश क्वचितच दिसते, असे तेव्हा कोणालाही वाटले असते.

हे पाणी जंतुरहित होते, ह्यात शंका नाही. त्यात आर्सेनिक होते. आपले जुने वैद्य ज्याला सोमल म्हणत, त्याच विषाचे हे मूलद्रव्य. हिमालयातून गंगा-ब्रह्मपुत्रेने वाहून आणलेल्या गाळात ते लोहाच्या गंजाला चिकटून असते. गाळात कुजलेले सेंद्रिय द्रव्य भरपूर असले आणि प्राणवायू नसला, की तेथील जिवाणूंच्या क्रियेने तो गंज विरघळतो आणि आर्सेनिक पाण्यात सुटते. हे उथळ थरांत घडते; खोलवरच्या जुन्या थरांतले पाणी बहुतांशी निर्दोष असते. हापसे नेमके उथळ थरांत उतरलेले होते. ह्या विषाला रंग नाही, वास नाही, चव नाही. पाणी उकळून ते जात नाही. ते तत्काळ मारीतही नाही. आठ-दहा वर्षे पाणी प्यायल्यावर छातीवर काळे-पांढरे ठिपके उठतात, तळहात-तळपाय खरखरीत होऊन त्यांना गाठी येतात, आणि पुढे कातडीचा, फुप्फुसाचा, मूत्राशयाचा कर्करोग डोके वर काढतो. गावात त्याला महारोग समजून माणसांना वाळीत टाकले गेले. मुलींची लग्ने अडली.

जागतिक आरोग्य संघटनेने १९९३ साली पिण्याच्या पाण्यातील आर्सेनिकची मर्यादा लिटरला १० मायक्रोग्रॅम ठरवली, म्हणजे एक लाख लिटर पाण्यात एक ग्रॅम. बांगलादेशाची मर्यादा ह्याच्या पाचपट, ५० मायक्रोग्रॅम. ब्रिटिश भूगर्भ-सर्वेक्षण संस्था आणि बांगलादेशाचे सार्वजनिक आरोग्य अभियांत्रिकी खाते ह्यांनी मिळून केलेल्या पाहणीचा अहवाल २००१ साली आला. उथळ हापशांपैकी २७ टक्क्यांनी ही सैल मर्यादाही ओलांडली होती. १० मायक्रोग्रॅमची मर्यादा ओलांडणारे हापसे ४६ टक्के होते. तत्पूर्वी २००० साली जागतिक आरोग्य संघटनेच्या पत्रिकेत आलेल्या एका लेखाने साडेबारा कोटींच्या त्या देशात साडेतीन ते पावणेआठ कोटी लोक ह्या संकटाच्या छायेत असल्याचा अंदाज दिला, आणि भोपाळ व चेर्नोबिल येथील दुर्घटनांपेक्षाही हे अरिष्ट मोठे असल्याचे म्हटले.

आता त्या ‘८० टक्के’ ह्या आकड्याकडे पुन्हा पाहावे. तो खोटा होता काय? हापसे खरोखर बसले होते. त्यांची मोजणी कोणी फुगवली, असा आरोप नाही. पाण्यात जंतू नाहीत हेही बऱ्याच अंशी खरे होते. खोटा होता तो केवळ ‘सुरक्षित’ हा एक शब्द. आणि तोही कोणी जाणूनबुजून खोटा लिहिलेला नव्हता. पाणी तपासण्याच्या त्या वेळच्या नेहमीच्या पद्धतीत आर्सेनिकचा रकानाच नव्हता. जो रकाना नाही तो निरंक समजला गेला. लिहिलेल्या ‘निरंक’वर निदान कोणाची तरी सही असते, न आखलेल्या रकान्याचा धनी कोणी नसतो.

येथे एक प्रश्न रास्तपणे विचारता येईल : जे ठाऊकच नव्हते त्याबद्दल दोष कोणाला द्यावा? लोकमान्यांनी ‘गीतारहस्या’त कर्माच्या बाह्य परिणामापेक्षा कर्त्याच्या बुद्धीला अधिक महत्त्व दिले आहे. ती कसोटी लावली तर हापसे बसवणारे निर्दोष ठरतात. त्यांना मुले वाचवायची होती, आणि रोगट तळ्यांपासून लोकांना दूर नेऊन त्यांनी पुष्कळांना वाचवलेही असले पाहिजे. नंतरच्या काळात एका अभ्यासात असे आढळले की, आर्सेनिकच्या भीतीने ज्या घरांना अंगणातला हापसा सोडावा लागला, त्या घरांत बालमृत्यूंचे प्रमाण उलट वाढले. दुरून आणून साठवलेल्या पाण्याने जुने रोग परत आणले. तेव्हा हापसा ही मुळातच चूक होती, असे म्हणून मोकळे होण्याची सोय नाही. ह्या कथेत कोणी दुष्ट नाही, हेच तिच्यातले सर्वांत अस्वस्थ करणारे वैशिष्ट्य आहे.

तथापि अज्ञानाचेही दोन प्रकार करावे लागतात. काही गोष्टी कोणालाच ठाऊक नसतात. त्यांबद्दल कोणी अपराधी नाही. काही गोष्टी मात्र कोणाला तरी ठाऊक असतात, परंतु ज्याने विचारायला हवे तो विचारीत नाही. कोलकात्याच्या स्कूल ऑफ ट्रॉपिकल मेडिसिनमधील त्वचारोगतज्ज्ञ डॉ. के. सी. साहा ह्यांनी १९८३ साली पश्चिम बंगालच्या खेड्यांतून आलेल्या रोग्यांच्या अंगावरचे डाग पाहून आर्सेनिकचे निदान केले. १९८७ पर्यंत त्यांच्याकडे येणाऱ्या रोग्यांत बांगलादेशातील माणसेही होती. जादवपूर विद्यापीठाचे दीपंकर चक्रवर्ती १९८८ पासून गावोगावचे पाणी तपासत हिंडत होते. सीमेच्या दोन्ही बाजूंना गाळ एकच, नद्या त्याच. असे असूनही बांगलादेशातील विहिरीत आर्सेनिक असल्याची अधिकृत नोंद १९९३ साली झाली. आणि यशाचा तो अहवाल त्याच्याही नंतर, चार वर्षांनी, निघाला. म्हणजे ‘ठाऊक नव्हते’ हे विधान १९७५ साली खरे होते, १९८५ साली अर्धवट खरे होते, आणि १९९७ साली त्याचा आधार घेणे कठीण होते. अज्ञानाचे निरपराधीपण असे वर्षागणिक झिजत जाते, आणि ते केव्हा संपले हे सांगणारी घंटा वाजत नाही.

ह्या प्रश्नाची कायद्यापुढेही एकदा तड लागली. उपरोक्त ब्रिटिश संस्थेने १९९२ साली बांगलादेशातील काही विहिरींचे पाणी तपासले होते. त्या तपासणीत कितीतरी मूलद्रव्यांची नोंद होती, आर्सेनिकची नव्हती. विषारी पाण्याने आजारी पडलेल्या एका गावकऱ्याने इंग्लंडमध्ये दावा लावला. तो हाउस ऑफ लॉर्ड्सपर्यंत गेला, आणि २००६ साली फेटाळला गेला. त्या देशाचे पाणी पिण्यायोग्य आहे की नाही हे पाहण्याची जबाबदारी संस्थेने पत्करलेली नव्हती. एखाद्या विषयाचे ज्ञान असणे म्हणजे जगातील प्रत्येकाविषयी कर्तव्य पत्करणे नव्हे, असा न्यायाधीशांच्या विवेचनाचा आशय होता. कायदा म्हणून हा निकाल मला अयोग्य वाटत नाही. अन्यथा कोणी कोणाला मदत करायला धजणार नाही. परंतु कायदा थांबतो तेथे नीतीची हद्द सुरू होते. नुसते ‘तपासले, ठीक आहे’ असे म्हणणाऱ्याच्या शब्दावर एक गाव पाणी पिते. ‘अमुक तपासले, अमुक तपासले नाही’ एवढी एकच ओळ अधिक लिहिणाऱ्याच्या शब्दावर ते गाव पाणी पिण्यापूर्वी निदान एक प्रश्न विचारू शकते. ती ओळ लिहिण्यास खर्च काहीच नाही. ती लिहिली न जाण्याचे कारण असे की, तिने अहवाल अपुरा दिसतो. आणि अपुरे दिसण्याचे भय आम्हा सर्व अहवाल लिहिणाऱ्यांच्या हाडीमासी खिळलेले आहे.

ह्यावर कोणी म्हणेल की, आकड्यांचा नादच सोडावा आणि माणसांनी माणसांकडे पाहावे. ही सूचना ऐकायला गोड आहे, परंतु मला ती मान्य नाही. दोन कोटी घरांच्या अंगणात कोणी जाऊन बसू शकत नाही. आणि आर्सेनिक तरी उघडकीस आले ते कशाने? कोणाच्या सहृदय दृष्टीने ते दिसले नसते. प्रयोगशाळेतल्या मोजणीनेच दिसले. आपल्याकडे शेतकऱ्याच्या घरोघर ठाऊक असलेला ‘आणेवारी’ हा शब्द घ्या. पिकाचा अंदाज बांधावर उभे राहून नजरेने करीत, तेव्हा रुपयातले आठ आणे की सहा आणे, हे पाहणाऱ्याच्या मर्जीवर राही, आणि तेवढ्यावर सारा माफ होणे न होणे अवलंबून असे. त्या जुलमातून सुटका झाली असेल तर ती अधिक चांगल्या मोजणीमुळे.

मोजणी चांगली कशी होते, ह्याचाही एक धडा आपल्याच माणसाने दिलेला आहे. सातारा जिल्ह्यातून आलेले संख्याशास्त्रज्ञ पांडुरंग वासुदेव सुखात्मे हे पुढे १९५१ पासून सुमारे दोन दशके संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व शेती संघटनेत जगाच्या अन्नाचा हिशेब ठेवीत होते. त्यापूर्वी १९४० नंतरच्या दशकात, शेतातला छोटासा तुकडा आखून तेवढेच पीक कापून उत्पन्नाचा अंदाज करावा की मोठा तुकडा घ्यावा, असा वाद चालू होता. ह्याच कोलकात्यातील प्रशांतचंद्र महालनोबीस लहान तुकड्यांच्या बाजूचे होते. सुखात्म्यांनी दाखवून दिले की, लहान तुकड्यात उत्पन्न खऱ्यापेक्षा जास्त भरते. कारण मोठे उद्बोधक आहे. आखलेल्या रेषेवर उभे असलेले रोप आत धरावे की बाहेर, असा प्रश्न आला की कापणाऱ्याचा हात नकळत ते आत ओढतो. तुकडा जितका लहान तितका काठ अधिक, आणि काठ जितका अधिक तितकी चूक मोठी. त्या कापणाऱ्याला कोणी लाच दिलेली नसते. मोजणाऱ्याचा हात भरलेल्या पदराकडे आपोआप झुकतो, एवढेच. ज्याला हा झुकाव ठाऊक आहे तो त्याची वजावट करू शकतो. ज्याला तो ठाऊक नाही, तो प्रामाणिकपणे चुकतो.

सहस्रक उद्दिष्टांच्या बाबतीत जगाने असाच काठावरचा गठ्ठा आत ओढला होता. शुद्ध पाण्यावाचून असलेल्यांचे प्रमाण २०१५ पर्यंत निम्मे करायचे होते. ते लक्ष्य २०१० सालीच गाठले गेल्याची घोषणा २०१२ च्या मार्च महिन्यात झाली. जगातील ८९ टक्के लोकांना सुधारित स्रोताचे पाणी मिळत होते. येथे ‘सुधारित स्रोत’ म्हणजे नळ, हापसा, झाकलेली विहीर. पाणी कशातून आले ते मोजले होते. पाण्यात काय होते ते मोजले नव्हते. हिशेब ठेवणाऱ्यांनी स्वतःच ही उणीव नोंदवली होती, हे त्यांच्याविषयी सांगितले पाहिजे. परंतु घोषणेचा आवाज मोठा असतो आणि तळटिपेचा लहान.

नंतर जे घडले ते मला ह्या सर्व कथेतील सर्वांत आशादायक पान वाटते. २०१५ नंतरच्या उद्दिष्टांत व्याख्या बदलली. पाणी घरी मिळावे, हवे तेव्हा मिळावे, आणि ते विष्ठेतील जंतूंपासून तसेच आर्सेनिक व फ्लोराइड ह्यांसारख्या द्रव्यांपासून मुक्त असावे, असे तीन निकष आले. जुन्या व्याख्येने २०१५ साली ९१ टक्के लोक सुखरूप होते. नव्या व्याख्येने केलेला हिशेब २०१७ साली प्रसिद्ध झाला, तेव्हा त्याच २०१५ सालचे प्रमाण ७१ टक्के भरले. एका रात्रीत जगाची ‘प्रगती’ वीस टक्क्यांनी उतरली. पाण्याचा एक थेंबही त्या रात्री अधिक गढूळ झाला नव्हता. ज्यांनी हा उतरलेला आकडा स्वतःच्या सहीने छापला, त्यांनी माझ्या मते एखादे धरण बांधण्याइतकेच मोठे काम केले. कोणत्याही संस्थेच्या शाश्वततेच्या हिशेबाची पारख करताना मी आता हा एक प्रश्न विचारतो : ह्यांचा आकडा स्वतःच्याच तपासणीने कधी खाली आलेला आहे काय? जो हिशेब केवळ चढतच जातो, त्याच्यावर विश्वास ठेवणे कठीण आहे.

दुसरा प्रश्न असा की, मोजलेले कोणाकडे परत गेले? २००० नंतरच्या काही वर्षांत बांगलादेशात सुमारे ५० लाख हापशांचे पाणी तपासले गेले. ज्याचे पाणी विषारी त्याच्या तोंडाला लाल रंग, ज्याचे निर्दोष त्याच्या तोंडाला हिरवा. मला ही मोजणी फार मोलाची वाटते. तिचा निकाल राजधानीतल्या फायलीत गेला तसा तो पाणी भरणाऱ्या बाईच्या डोळ्यांसमोरही उभा राहिला. तिला लिहिता-वाचता येत नसले तरी तो हिशेब वाचता येत होता, आणि तो वाचून ती शेजारच्या हिरव्या हापशाकडे जाऊ शकत होती. अर्थात रंग उन्हापावसाने उडतो. नवे हापसे बसत राहिले आणि ते कोणी तपासले नाहीत. ह्यूमन राइट्स वॉच ह्या संस्थेने २०१६ साली दिलेल्या अहवालाप्रमाणे त्या वेळीही सुमारे दोन कोटी लोक देशाच्या मर्यादेपेक्षा अधिक आर्सेनिक असलेले पाणी पीत होते. आणि त्यावर उतारा म्हणून सरकारने काढलेल्या खोल विहिरींपैकी अनेक विहिरी जेथे गरज अधिक तेथे न जाता जेथे वजन अधिक त्यांच्या अंगणात गेल्या होत्या. विहिरी किती काढल्या, हा रकाना तेथेही भरलाच गेला असेल.

दुसऱ्यांच्या दप्तराविषयी इतके लिहिल्यावर स्वतःच्या दप्तराविषयी गप्प राहणे बरे दिसणार नाही. मी पूर्वी एका कचेरीत होतो. तेथे दर पावसाळ्यात वृक्षारोपण होई आणि त्याचा तक्ता माझ्याकडे येई : लावलेल्या रोपांची संख्या, खर्च, उपस्थित अधिकारी, शेरा. पहिल्या वर्षी मी दोनशे रोपे लिहिली. ती खरोखर लावली गेली होती. दुसऱ्या वर्षीही दोनशे लिहिली; तीही लावली गेली, बहुतेक पहिल्या वर्षीच्याच खड्ड्यांत. तिसऱ्या वर्षी एकूण सहाशेची बेरीज मी केली, दोनदा तपासली, आणि ती बिनचूक होती. दुपारी डबा खाऊन आवारात फिरताना सहज मोजले, तर उभी झाडे चौदा भरली. मी वरिष्ठांना विचारले की, जगलेल्या रोपांची संख्या कळवावी काय? ते सज्जन गृहस्थ होते. त्यांनी शांतपणे सांगितले की, विचारले आहे तेवढेच कळवावे. न विचारलेले कळवले तर उलट विचारणा होते. ते खोटे बोलत नव्हते. मीही खोटे लिहिले नाही. सहाशे हा आकडा पुढे गेला, कोणत्या तरी मोठ्या बेरजेत मिळाला, आणि ती बेरीज आणखी मोठ्या बेरजेत. जगाच्या पर्यावरणविषयक प्रगतीच्या एखाद्या तक्त्यात माझी ती पाचशे शहाऐंशी न जगलेली झाडे अजून सावली देत उभी असतील.

हापशांच्या कथेपुढे ही गोष्ट क्षुल्लक आहे. माझ्या झाडांनी कोणाचा जीव घेतला नाही. परंतु जात एकच. त्यामुळे आर्सेनिकची कथा वाचताना मला त्यातला कारकून कोण होता हे अचूक ओळखता येते. तो मीच असतो. त्याने विचारले होते तेवढे कळवले होते.

तक्ता आखणे आपल्यापैकी बहुतेकांच्या हाती नसते. रकाने दिल्लीत ठरतात, आणि दिल्लीतले पुष्कळसे न्यूयॉर्क-जिनिव्हात. तक्ता पाहून निर्णय घेणेही आपल्या हाती नसते. म्हणून आपली जबाबदारी नाही, असा निष्कर्ष काढण्याचा मोह होतो. मीही तो वर्षानुवर्षे काढला. परंतु प्रत्येक तक्त्याच्या उजव्या टोकाला एक अरुंद रकाना असतो आणि तो बहुधा मोकळाच परत जातो. त्याचे नाव ‘शेरा’. तेथे काय लिहावे हे कोणत्याही परिपत्रकाने सांगितलेले नाही, आणि काय लिहू नये हेही सांगितलेले नाही. ‘ह्या संख्येत जगलेल्या रोपांची मोजणी केलेली नाही’ एवढे वाक्य त्यात मावते. ‘पाणी केवळ जंतूंसाठी तपासले’ हेही मावले असते.

गेल्या पावसाळ्यात, ह्या नव्या जागी, मी प्रथमच तसे एक वाक्य लिहिले. महिनाभराने त्यावर विचारणा आली. जगलेल्या रोपांची संख्या आठ दिवसांत कळवावी, असा हुकूम होता. वरिष्ठ माझ्यावर थोडे नाराज झाले. आम्ही दोघे छत्र्या घेऊन आवारात गेलो आणि पावसात झाडे मोजली. संख्या फार नव्हती. ती कमी असल्याबद्दल पुढे आम्हांला खुलासाही द्यावा लागला. परंतु तक्त्यात त्या दिवशी जो आकडा गेला, तो एखाद्याने प्रत्यक्ष येऊन मोजला तरी तितकाच भरला असता.